करियाचं इंग्रजी

कुत्र्याला इंग्रजी आलं असतं, तर महांतेशचा फायदा मोठा होता.

उमरग्यात हायवेच्या कडेला त्याचं बियाणं-खताचं दुकान, मागं नवा बंगला. एका बियाणं कंपनीची दोन तालुक्यांची एजन्सी रिकामी झाली होती, आणि ती कुणाला द्यायची हे ठरवणारा साहेब पुण्याहून येणार होता. साहेबाला कुत्र्यांचा नाद. त्याच्या फोनवर बायकोपोरांचा फोटो नव्हता, लांब केसांच्या एका विलायती कुत्र्याचा होता. ही खबर महांतेशनं कंपनीच्या ड्रायव्हरला नळदुर्गच्या ढाब्यावर जेवू घालून मिळवली होती, म्हणजे भांडवल फारसं गुंतलं नव्हतं. एजन्सी मिळाली की दुकानावर अंगणाएवढा बोर्ड लागणार, बोर्ड लागला की समोरच्या दुकानातल्या चुलत भावाची, गौरीशंकरची, झोप उडणार, आणि ती उडालेली बघायला महांतेशला एजन्सीपेक्षाही जास्त आवडणार. या सगळ्याच्या बदल्यात करायचं काय, तर घरातल्या कुत्र्यानं साहेबासमोर 'सिट' म्हटलं की बसायचं. असा सौदा कुणीही केला असता.

अडचण एवढीच होती की कुत्रं कन्नड होतं.

आळंदच्या अंगाला महांतेशच्या बायकोचं, शिवप्रियाचं, माहेर. लग्नानंतर पोरगी फोनवर फार कमी बोलायला लागली, हे बापाच्या ध्यानात आलं. त्यानं जावयाला काही विचारलं नाही. शेजारच्या कल्याणप्पाच्या पिकअपमधून ज्वारीच्या दोन पोत्यांबरोबर मुधोळ जातीचं एक पिल्लू तेवढं पाठवून दिलं. काळं होतं, म्हणून करिया, म्हणजे काळ्या. शिवप्रियानं त्याला ताकात कुस्करलेल्या भाकरीवर वाढवलं आणि स्वयंपाकघराच्या दारातून त्याच्याशी ती आपल्या भाषेत बोलायची. 'बारो करिया' म्हटलं की तो असेल तिथून यायचा. 'कूडु' म्हटलं की बसायचा. 'सुम्न' म्हटलं की गप्प. आवाज चढवावा लागत नसे. बंगल्यात पहिल्या हाकेला ऐकणारा तो एकटाच होता, आणि ऐकायचा ते तिचं.

आता महांतेशला कन्नड येत नव्हतं असं नाही. सीमेपलीकडचं गिऱ्हाईक दुकानाची पायरी चढलं की 'बर्री, कूड्री', म्हणजे या, बसा, म्हणताना त्याची जीभ मधात बुडायची. पण ते कन्नड गल्ल्यावरचं. घरातलं कन्नड त्याला ज्वारीच्या पोत्यासारखं वाटे, खावं पण दिवाणखान्यात ठेवू नये. पुण्याचा साहेब सोफ्यावर बसलाय आणि आपली बायको दारातून कुत्र्याला 'कूडु' म्हणतीय, हे चित्र डोळ्यांपुढं आलं की त्याला घाम फुटायचा.

म्हणून सोलापूरहून कृष्णराज आला.

कृष्णराजच्या कार्डावर 'डॉग बिहेविअर एक्स्पर्ट' असं होतं आणि अंगात मिलिटरीची ठिपक्याठिपक्यांची पँट होती. आपण सैन्यात होतो असं तो कधीच म्हणाला नाही. पँट म्हणायची. त्याआधी तो दुकानांना कॅमेरे बसवून द्यायचा, पण हे नंतर कळलं, आणि कळलं असतं तरी महांतेशला फरक पडला नसता. त्यानं बॅगेतून एक पट्टा काढला. काळा, जाड, आतल्या बाजूला दोन बोथट खिळे. बरोबर मुठीत मावेल असा रिमोट. बटन दाबलं की खिळ्यांतून गळ्याला झटका. जोर कमीजास्त करायला वर एक चकती.

नाव बदलण्यापासून सुरुवात झाली. करिया हे काय नाव आहे, साहेबाला काय वाटेल. कृष्णराजनं तिथल्या तिथं 'ब्रूनो' ठरवलं. त्याच्या हाताखालून गेलेले निम्मे कुत्रे ब्रूनोच असावेत, कारण विचार करायला त्याला वेळ लागला नाही.

झटका म्हणजे करंट नव्हे, हे पटवण्यासाठी त्यानं ते खिळे स्वतःच्या तळहातावर टेकवले, बटन दाबलं आणि हसून दाखवलं. बघायला दुकानातली चार माणसं जमली होती, ती पण हसली. महांतेशची आई गिरिजाबाई ओट्यावर तुरीची डाळ निवडत होती. तिनं सूप खाली ठेवलं.

"तळहातावर काय लावतुस बाबा? कुत्रं गळ्यात घालणार हाय. तू बी गळ्यात घाल की."

पट्टा आपल्या गळ्याला पुरत नाही, असं कृष्णराज म्हणाला.

"मग महांत्याच्या गळ्याला बघ. त्याची मान बारीक हाय."

मंडळी पुन्हा हसली, पहिल्यापेक्षा मनापासून. महांतेशनं आईला डाळ बघ म्हणून सांगितलं. पट्टा करियाच्या गळ्यात गेला आणि जाता जाता कृष्णराजच्या अंगठ्यानं ती चकती बरीच पुढं सरकवली. हे दिसलं फक्त म्हातारीला. चष्मा डाळीसाठी लावलेला होता, पण चष्म्याला काय, जे समोर येईल ते दिसतं.

शिवप्रिया दारात उभी होती. तिनं एवढंच विचारलं की त्यानं चूक काय केलीय. कृष्णराजला हा प्रश्न नेहमीचा असावा. तो समजुतीच्या आवाजात म्हणाला, "वहिनी, ही शिक्षा न्हाय. हा संवाद हाय. आपण त्याच्याशी बोलतो."

"बोलणं असंल तर त्याचं बटन कुठंय?" ती म्हणाली.

महांतेशनं तिला चहा टाकायला सांगितलं.

शिकवणी सुरू झाली. पद्धत सोपी. कृष्णराज 'सिट' म्हणायचा. करिया त्याच्याकडं बघायचा, कारण त्यानं तो शब्द जन्मात ऐकला नव्हता. बटन. करिया किंचाळून उडी मारायचा. पुन्हा 'सिट'. पुन्हा बटन. बऱ्याच वेळानं, उभं राहण्यात अर्थ नाही असं ठरवून म्हणा किंवा पाय गळाले म्हणून म्हणा, तो खाली बसायचा आणि झटका थांबायचा. "बघा, समजलं," कृष्णराज म्हणायचा. जे कुत्रं 'कूडु' म्हटल्यावर शेपूट हलवत बसत होतं, त्याला बसायला शिकवण्यासाठी सोलापूरहून माणूस आणि परदेशातून पट्टा आणला होता. आणि चहा पिता पिता एकाही शहाण्याला हे म्हणावंसं वाटलं नाही. वाटलंही असेल. पण खत उधारीवर होतं.

तिसऱ्या-चौथ्या दिवसापासून महांतेश स्वतः रिमोट धरायला लागला. त्याची ती गोडी समजण्यासारखी आहे. आजवर त्याचं म्हणणं आईनं कधी ऐकलं नव्हतं, उधारीवाल्यांनी तर नाहीच, आणि बायको ऐकायची तेव्हा ऐकतीय की नुसती गप्प आहे हे त्याला कळायचं नाही. इथं मात्र अंगठा हलला की समोरचा जीव वाकायचा. तो जेवतानाही रिमोट ताटाजवळ ठेवायचा. एकदा ओळखीच्या एका डॉक्टरला गंमत म्हणून दाबायला दिला. डॉक्टरनं दाबला, करिया कळवळला, डॉक्टर म्हणाला रेंज चांगली आहे.

तरी एक गोष्ट महांतेशच्या डोळ्यात खुपत होती. अंगणात शंभरदा सिट-स्टे झालं तरी आतून शिवप्रियानं हळूच 'बारो करिया' म्हटलं की ते कुत्रं सगळं इंग्रजी टाकून स्वयंपाकघराकडं पळायचं. कृष्णराजनं मान हलवली. दोन मालक चालत नाहीत, म्हणाला. जुनी भाषा पुसल्याशिवाय नवी बसत नाही. तिनं कन्नडमधून हाक मारली आणि तो निघाला, की दाबायचं.

हे शिवप्रियाला कुणी सांगितलं नाही.

तिनं सकाळी भाकरी कुस्करून हाक मारली. करिया तिच्याकडं धावत निघाला आणि अर्ध्या वाटेत कोलमडून किंचाळला. तिला वाटलं काटा मोडला. ती 'करिया, करिया' करत पुढं गेली आणि तो पुन्हा किंचाळला. तिनं पाय बघितले, काही नव्हतं. संध्याकाळी तेच. ती घाबरली, जितकी घाबरली तितक्या जास्त हाका मारत गेली, आणि व्हरांड्यात बसलेला नवरा, न्हायतर कृष्णराज, प्रत्येक हाकेला अंगठा दाबत गेला. असं दोन-तीन दिवस चाललं. शेवटी गिरिजाबाईनं सुनेला आत ओढून सांगितलं, की पोरी, तू तोंड उघडू नगंस, तुझ्या तोंडानंच त्याला मार बसतोय.

त्या दिवशी शिवप्रिया नवऱ्यासमोर जाऊन उभी राहिली. लग्नाला दोन वर्षं झाली होती, पण असं उभं राहण्याची ही पहिलीच वेळ. महांतेश बिलं लावत होता. त्यानं तिला समजावलं, की हे साहेब येऊन जाईपर्यंतच आहे, मग पट्टा काढून टाकू, मग तू कन्नड बोल न्हायतर फारसी बोल.

ती म्हणाली, "पट्टा काढल्यावर तो माझ्याकडं आलाच नाही तर?"

"कुत्रंय ते. भाकरी दाखव, येईल."

"भाकरीला तर तुमच्याकडं पण येईल. मी हाक मारल्यावर येईल का, ते विचारतीय."

महांतेशला दोन्हींतला फरक कळला नाही. त्यानं बिलांचा गठ्ठा उलटा करून पुन्हा लावायला घेतला. त्यानंतर शिवप्रिया घरात कन्नड बोलायची बंद झाली, माहेरचा फोनही ती गच्चीवर जाऊन घ्यायला लागली. कुत्र्याच्या ताटलीत भाकरी मुक्यानं ठेवायची आणि लांब जाऊन उभी राहायची. तो खायचा, पण तिच्याकडं एक डोळा ठेवून, ही आता काही बोलते की काय म्हणून.

ज्या दिवसासाठी हे सगळं चाललं होतं तो दिवस उजाडला. साहेब आला, पांढऱ्या गाडीतून. अंगणात खुर्च्या, काजू, बदाम, शिवाय उमरग्यात मिळत नाही असं म्हणून सोलापूरहून मागवलेली मिठाई. समोरच्या दुकानात गौरीशंकर उभ्या उभ्या पेपर वाचत होता आणि बराच वेळ त्याचं पान उलटत नव्हतं. कृष्णराज इस्त्री केलेल्या त्याच पँटमध्ये, हात पाठीमागं, मुठीत रिमोट. पट्ट्यावर लाल रुमाल बांधून तो झाकला होता. हे महांतेशचं डोकं. गळ्याचे केस खिळ्यांखाली गेले होते आणि चामडं ओलं दिसायला लागलं होतं, ते रुमालानं आपोआपच झाकलं गेलं.

"ब्रूनो, सिट," महांतेश म्हणाला.

करिया बसला. 'स्टे' म्हटल्यावर तसाच राहिला. समोर काजूची बशी ठेवली तरी डोळा हलला नाही. मातीच्या कुत्र्यालाही यापेक्षा जास्त जीव असतो, पण साहेब खूश झाला. म्हणाला, वा, काय शिस्त आहे, आमचा तर सोफ्यावरून उतरत नाही. महांतेशनं मान खाली घालून हसून घेतलं. मनात बोर्डाचा रंगही ठरला असावा.

नेमका तेव्हा फाटकाशी कल्याणप्पाचा पिकअप येऊन थांबला. पेरणी तोंडावर आलेली, त्याला सोयाबीनच्या बॅगा हव्या होत्या. धोतर, खांद्यावर टॉवेल, सत्तरीचा माणूस. ज्या माणसानं ते पिल्लू वाटभर मांडीवर घेऊन आणलं होतं, तो त्याला अंगणात बघून काय करणार? त्याला साहेब दिसला नाही, काजू दिसले नाहीत. तो सरळ आत आला, वाकला, हात पुढं केला आणि म्हणाला, "यप्पा, केवढा झालास! बारो करिया!"

हात डोक्यावर टेकला आणि कृष्णराजचा अंगठा दबला. त्यानं मुद्दाम दाबला असेल असं मला वाटत नाही. कन्नड ऐकू आलं की दाबायचं, हे इतक्या दिवसांत त्याच्या अंगठ्यात बसलं होतं. त्या शिकवणीतून कुणी पक्कं शिकून तयार झालं असेल तर तो अंगठा. करियाला मात्र एवढंच कळलं, की गळ्याला आग लागलीय आणि वर एक हात आहे. त्यानं हात पकडला. सोडवायला गेले तसा जोर वाढत गेला, कारण घाबरलेल्या महांतेशनं रिमोट हिसकावून घेतला होता आणि कुत्रं सोडेना म्हणून तो पुन्हा पुन्हा बटन दाबत होता. जितका दाबे तितके दात आत.

शिवप्रिया आतून धावत आली. ती बोलली नाही. तिनं नवऱ्याच्या हातावर हात मारून रिमोट खाली पाडला, कुत्र्याजवळ गुडघे टेकले आणि रुमालासकट पट्टा सोडला. करियानं हात सोडला आणि तो भिंतीच्या कोपऱ्यात जाऊन थरथरत उभा राहिला.

साहेब खुर्चीवरून कधी उठला आणि गाडीत कधी बसला, हे कुणी बघितलं नाही. काच खाली करून तो जाता जाता म्हणाला की अशी जात घरात ठेवू नये.

आता दोष कुणाचा, याची वाटणी सुरू झाली. कृष्णराज म्हणाला जातच रागीट, शिवाय अनोळखी माणसानं हात लावला, शिवाय घरात अजून दोन भाषा चालतात असं दिसतंय. मी तर काहीच केलं नाही, म्हणाला.

"अंगठा दाबलास की रं," गिरिजाबाई म्हणाली. "म्या बघितलं."

"आज्जी, तुम्हाला तेवढं बारीक दिसत न्हाय."

"डाळीतला खडा दिसतुय मला. तू तर लई मोठा हाईस."

महांतेशला मात्र आता दोष नको होता, विल्हेवाट हवी होती. माणसाला चावलेलं कुत्रं, उद्या पोलीस, परवा नगरपालिका. कुणाकडून तरी पोत्यात घालून लांब सोडून आणू, न्हायतर इंजेक्शन देऊन मोकळं करू, असं तो फोनवर बोलायलाही लागला. कल्याणप्पाच्या हाताला टॉवेल गुंडाळला होता आणि टॉवेल लाल होत होता. तो पायरीवर बसूनच म्हणाला, "कुत्रं म्या आणलं व्हतं. म्या नेतो."

"ते चावलंय तुम्हाला, काका," महांतेश म्हणाला.

"चावलंय तर मला चावलंय. तुमच्या पोटात कशाला दुखतंय?"

सरकारी दवाखान्यात त्याला टाके पडले, पहिलं इंजेक्शन झालं, पुढच्या तारखा मिळाल्या. तिथून पिकअप परत बंगल्यावर आला तो दोघांना घ्यायला. शिवप्रियानं कपड्यांची एक पिशवी भरली होती. महांतेशनं विचारलं की कुत्र्याला सोडायला जायला पिशवी कशाला लागते. तिनं पिशवी दाराशी ठेवली. सासूच्या पाया पडली. सासू म्हणाली, जा, आणि पिशवीत डाळ टाकली, निवडलेली.

गावात काय झालं ते कल्याणप्पा इंजेक्शनच्या तारखांना उमरग्याला यायचा तेव्हा सांगायचा, म्हणून ठाऊक.

शिवप्रियाला वाटलं होतं की आपल्या गावात करिया सुधारेल. मोकळं रान, ओळखीचा वास, पट्टा नाही, रिमोट नाही. पण त्या गावात माणसं बोलतात कोणत्या भाषेत? बाप अंगणात आलेल्याला 'बा, कूडु' म्हणायचा आणि करिया कडब्याच्या गंजीमागं पळायचा. पोरं एकमेकांना हाका मारायची आणि तो जागेवर मुतायचा. जत्रेतला भोंगा लागला त्या दिवशी तो विहिरीच्या काठाला जाऊन दडला. उमरग्यात एका घरातली एक बाई त्या भाषेत बोलायची. इथं सगळा मुलूख बोलत होता. आणि तिची भीती होती ती खरीच झाली. तिनं एकदा, अगदी हळू, ओठातल्या ओठात, 'करिया' म्हणून बघितलं. त्यानं कान पाडले आणि तिच्यापासून सरकत सरकत भिंतीला जाऊन टेकला.

मग तिनं हाक मारणं सोडलं. ती त्याच्याजवळ पाठ करून बसते, भाकरी मागं ठेवते, आणि बोलत नाही. गावातल्या बायकांना वाटतं नवऱ्यानं टाकली म्हणून मुकी झाली. परवा परवा तो येऊन तिच्या पाठीला टेकून बसला म्हणे. ती तासभर हलली नाही. बापानं दारातून आपल्या भाषेत 'जेवायला ये' म्हटलं, तसा करिया उठून गेला.

तेव्हा हिशेब असा. एजन्सी लोहाऱ्याच्या एकाला गेली, त्याच्या घरी मांजरसुद्धा नाही. ती आधीच त्याला ठरली होती, साहेब फक्त काजू खायला फिरत होता, असं ड्रायव्हर आता दुसऱ्या कुणाच्या पैशानं जेवताना सांगतो. कृष्णराजनं पैसे आगाऊ घेतले होते, त्याचं काही गेलं नाही, आणि उमरग्यातल्याच त्या डॉक्टरनं आपल्या कुत्र्यासाठी त्याला बोलावलंय. गौरीशंकरला झोप चांगली लागते. महांतेश 'जातच खराब' असं लोकांना सांगतो. बायको माहेरी बाळंतपणाला गेलीय असंही सांगतो, आणि ते खोटं पकडायला महिने लागतात, तेवढ्यापुरता तो नफ्यात आहे. कल्याणप्पानं पाच इंजेक्शनं आणि एक बोट भरलं, ते आता वाकत नाही. शिवप्रियानं संसार भरला, आणि एका हाकेला धावत येणारं जे एकुलतं एक कुणी होतं, ते भरलं. बाकीचं सगळं करियानं भरलं. त्याच्याकडं फार नव्हतं, एक नाव आणि तीन शब्द. तेवढे घेतले.